वाघीण हूं म्हणते तोवर

हूटगळ्ळी, शुक्रवार

लेकीच्या घरी चार दिवस राहून येणं याला प्रवास म्हणायचं का, यावर आमच्या कराडच्या भिशीत चांगली खडाजंगी झाली. बाकीच्या म्हणाल्या, प्रवास म्हणजे बर्फ, नाहीतर विमान, नाहीतर निदान एखादं ज्योतिर्लिंग तरी. मी म्हटलं, ज्या गावात एक अक्षर बोलता येत नाही आणि ताटातला भात काही केल्या संपत नाही, त्या गावाला गेलं की झाला प्रवास. तेव्हा म्हैसूरला कधी न गेलेल्यांनी हे वाचावं. गेलेल्यांनी चुका काढायला वाचावं.

माझी लेक केतकी आणि जावई दोघंही संगणकवाले. म्हैसूरच्या कडेला हूटगळ्ळीत त्यांनी घर घेतलंय. वस्ती इतकी नवी की निम्म्या घरांना अजून गिलावा नाही, पण दारात नारळ मात्र आधीच उभा. सकाळी फाटकात उभी राहिले तर शेजारणीनं हसून विचारलं, "ऊटा आय्ता?" केतकी म्हणाली, आई, जेवण झालं का विचारतायत. सकाळी आठला! आमच्याकडं दारात दिसलेल्या माणसाला "कुठं निघालात?" विचारायची रीत. म्हणजे आपल्याला दुसऱ्याच्या चौकश्या, यांना दुसऱ्याच्या पोटाची काळजी. मला दोन्ही आवडतं, पण उत्तर द्यायला इथलं सोपं. हो म्हटलं की सुटका.

संकट उद्भवलं ते दुपारी. लेकीच्या घरात पोळपाट नाही! पोरगी ओट्यावर पोळ्या लाटते. आता ओट्यावर लाटलेल्या पोळीला गोल व्हायचं काही कारणच उरत नाही. तिला वाटेल तशी ती पसरते. जावईबापू तिला नकाशा म्हणतात आणि मुकाट्यानं खातात. गुणी माणूस आहे. पण मी बत्तीस वर्षं शाळेत काढलेली बाई, शेवटची काही तर मुख्याध्यापिका म्हणून. डोळ्यांसमोर चाललेला वेडेपणा मला सोसत नाही. म्हटलं, उद्या पोळपाट आणल्याशिवाय मी या घरात पोळी लाटणार नाही.

मंडी मोहल्ला, शनिवार

मंडी मोहल्ला हा म्हैसूरचा जुना बाजार. केतकीला सुट्टीच्या दिवशीही मीटिंग होती, म्हणून मी एकटीच बसनं गेले. पोळपाटाला कन्नडमध्ये काय म्हणतात ते विचारून घ्यायला हवं होतं, घेतलं नाही. मला वाटलं, दोन्ही हातांनी लाटून दाखवलं की जगात कुणालाही कळेल. पहिल्या दुकानदारानं लाटणं काढलं. दुसऱ्यानं माझे हात बघितले, मग माझं वय बघितलं, आणि गुडघ्याला चोळायचं तेल पुढं केलं. तिसऱ्या दुकानात मी चिडून हवेत अशी काही जोरात पोळी लाटली की रस्त्यावरची माणसं थांबली.

"अक्का, मणे पायजे काय तुमाला? चपातीचं मणे?"

मराठी! मी गर्रकन वळले. शेजारच्या फोटो स्टुडिओच्या पायरीवर साठीचे एक गृहस्थ उभे होते. मिशा अशा की बसमध्ये त्यांचं वेगळं तिकीट काढावं. त्यांनी दुकानदाराला कन्नडमध्ये दोन शब्द सांगितले आणि क्षणात पोळपाट माझ्या हातात.

"तुम्ही मराठी?" मी विचारलं.

"हौदु जी. नागोजीराव काळे. आमचे पणजोबांचे पणजोबा राजाच्या फौजेत घोडेस्वार होते. घोडे गेले, मिशा राहिल्या." मग जरा ओशाळून म्हणाले, "मराठी आमचं असं आहे बघा. निम्मं वाटेत घोड्यावरनं पडलं. तितं कन्नड भरून घेतलं, अष्टे, तेवढंच."

मला ते मराठी इतकं गोड लागलं की मी न बोलावताच पायरी चढून आत गेले. स्टुडिओ कसला, एक खोली. भिंतीवर नवरा-नवरींचे फोटो, आणि मागच्या खोलीत मातीचे मुखवटे, लाकडी तलवारी, एक खरी दिसणारी शेपटी. नागोजीराव लग्नाचे अल्बम करून पोट भरतात आणि उरलेल्या वेळात फिल्मा काढतात. इकडच्या खेड्यांतल्या, आजवर तोंडानंच सांगत आलेल्या गोष्टींच्या. गोष्ट जिथली, तिथलीच माणसं नट.

तेवढ्यात एक ठसठशीत बाई कॉफी घेऊन आल्या. "ही आमची मंडळी, सुंदराक्का," नागोजीराव म्हणाले. "माझ्या सगळ्या फिल्मांत हिच्याच साड्यांचे पडदे."

"एक शिल्लक आहे," सुंदराक्का म्हणाल्या, "ती मी नेसलेय. नजर ठेवू नका."

मी म्हटलं, सांगा की एखादी गोष्ट. नागोजीरावांनी सुंदराक्कांकडं पाहिलं. सुंदराक्कांनी पदरानं टेबल पुसायला घेतलं. मग नागोजीरावांनी घसा साफ केला आणि सुरुवात केली.

"तर असं की, आमच्यातला एक शिपाई लढाईला गेला. बायको चिमाक्का घरी एकटी."

आणि थांबले. माझ्याकडं बघत राहिले. मला वाटलं, विसरले बिचारे.

"काय झालं?"

"हूं म्हणा की जी! तुमी हूं म्हटल्याबगर गोष्ट पुढं कशी चालंल?"

लहानपणी आम्हीही म्हणायचो की हो! मधल्या पन्नास वर्षांत कुणी म्हणायला लावलं नव्हतं. मी पाठ सरळ करून शाळेत हजेरी द्यावी तसा स्वच्छ "हूं" म्हटला.

"चिमाक्का बन्नूरच्या उसात गेली, जनावराला पाला आणायला."

"हूं."

"समोर वाघीण! वाघीण म्हणते, तुला खाते. चिमाक्का म्हणते, खा की. पण पोटात माझ्या एक गोष्ट आहे. गोष्टीसकट खाल्लंस तर पचायची नाय तुला. आधी ती सांगून टाकते. फक्त तू हूं म्हणत राहायचं. वाघीण म्हणाली, एवढंच ना? म्हणते. आणि तितंच फसली!"

"कशी फसली?"

"तुमी म्हणून बघा."

"हूं."

"तोंड मिटलं का नाय? मिटल्या तोंडानं खाणार कशी, सांगा!"

मी खुर्चीतच टाळी वाजवली. काय डोकं त्या चिमाक्काचं! आमच्या शाळेत असती तर मी तिला वर्गप्रमुख केलं असतं.

मला वाटलं, माझी दाद बघून नागोजीराव खुलतील. पण त्यांचा चेहरा उतरला. हीच गोष्ट त्यांनी आता फिल्ममध्ये केली होती. चिमाक्का मराठी बोलते, वाघीण कन्नड, आणि हूं दोघींचा एकच. गेल्या महिन्यात ती शहरातल्या एका हॉलमध्ये दाखवली. मोठमोठी माणसं आली होती.

"सुम्ने बसले जी सगळे," ते म्हणाले. "एकदम चूप. फोटो काढायला बसवल्यागत. चिमाक्का मरायला आली तरी कुणी हूं नाय की चूं नाय. शेवटी टाळ्या वाजवल्या, शाल घातली गळ्यात. पण गोष्ट कुणी घेतलीच नाय. हूं मिळाला नाय तर गोष्ट सांगणाऱ्याच्या पोटात परत येऊन बसते. तवापासून जेवण जात नाय."

"पोटात गोष्ट नाही, वडे आहेत," सुंदराक्का म्हणाल्या.

पण ते हसले नाहीत. "उद्या बन्नूरला दाखवतो. माझ्या आईचं गाव. गोष्ट तितली. ती माणसंपण गप बसली, तर समजायचं की कॅमेऱ्यानं गोष्ट सांगता येत नाय. मग कॅमेरा माळ्यावर, आणि लग्नाचे अल्बम, अष्टे."

निघताना सुंदराक्का मला पोचवायला बसथांब्यापर्यंत आल्या. आधी बस येतेय का ते बघितलं. मग म्हणाल्या, "अक्का, त्या हॉलवरनं आल्यापासनं ह्यांनी घरात एक गोष्ट सांगितली नाही. आज तुमच्यापुढं तोंड उघडलं तेवढंच. पहिले दोन दिवस मला बरं वाटलं, खोटं कशाला सांगू. आता घर खायला उठतं." आणि माझा हात धरून म्हणाल्या, "उद्या या तुम्ही. तुमचा हूं मोठा आहे."

एवढ्या कौतुकावर मी कुठंही गेले असते.

बन्नूर, रविवार

बन्नूरच्या बसमध्ये नागोजीरावांनी प्रोजेक्टर तान्ह्या बाळासारखा मांडीवर घेतला होता. तिकीट फाडायला कंडक्टर आला, लाजरा, गोल चेहऱ्याचा, आणि वाकून नमस्कार करून उभा राहिला.

"ही आमची वाघीण," नागोजीराव म्हणाले. "सुंदराक्काचा धाकटा भाऊ, राजू."

वाघिणीनं मला खिडकीची जागा मिळवून दिली आणि सुट्टे पैसे परत दिले. संध्याकाळी ड्यूटी संपली की येतो म्हणाली.

बाहेर ऊस, भात, पुन्हा ऊस. मला अगदी कराडला आल्यासारखं वाटायला लागलं. बन्नूरला लिंगम्मांच्या घरी उतरलो. या नागोजीरावांच्या आईच्या मैत्रीण. वय विचारायची सोय नाही, पण चालणं माझ्यापेक्षा जलद. घरामागं त्यांचंच गुऱ्हाळ. गूळ कराडच्या बाजूचाच, बाकीचे सगळे नुसते गोड दगड, असं मी आयुष्यभर सांगत आलेय. लिंगम्मांनी कढईतला कोमट गूळ केळीच्या पानावर घालून दिला. मी तो खाल्ला आणि कराडच्या वतीनं मौन पाळलं.

जेवायला नाचणीचा मुद्दे, म्हणजे क्रिकेटच्या चेंडूएवढा उकडीचा गोळा, आणि पालेभाजीचं पातळ सारू. मी घास मोडला आणि सवयीनं चावायला लागले. चावते, चावते, तो काही दाद देईना. दातांना असा चिकटला की माझं तोंडच उघडेना. लिंगम्मा पोट धरून हसल्या. मुद्दे चावायचा नसतो म्हणे, सारूत बुडवून गिळायचा असतो. आमच्याकडं घास बत्तीस वेळा चावावा म्हणून मी पोरांना ओरडत आले, आणि इथं न चावता खाऊन या बाई या वयात ठणठणीत!

दिवेलागणीला गुऱ्हाळाच्या अंगणात दोन बांबूंमध्ये पांढरं धोतर ताणून बांधलं. बाया, पोरं, म्हातारे, सगळं गाव चटयांवर. मला मात्र पाहुणी म्हणून सगळ्यांत पुढं खुर्ची. "महाराष्ट्रातल्या शाळेच्या मोठ्या टीचर आहेत," असं नागोजीरावांनी काय ते कन्नडमध्ये सांगितलं असावं, कारण मागची पोरं एकदम सावरून बसली. नागोजीराव मागं प्रोजेक्टरपाशी जाऊन उभे राहिले. दोनदा वायर उलटी खुपसली त्यांनी. वायर लावायला सुंदराक्कांना पुढं व्हावं लागलं.

फिल्म सुरू झाली. नागोजीरावांचाच आवाज गोष्ट सांगत होता. चिमाक्का उसात शिरली. मी मोठ्ठा हूं तयार ठेवून बसले. आणि पडद्यावर वाघीण आली. पिवळ्या घोंगडीवर काळे पट्टे, मागं ती शेपटी, आणि मिशांखाली राजूचा तोच लाजरा चेहरा.

झालं! मागं एकच कल्ला उठला. पोरं राजूला नावानं हाका मारायला लागली. खुद्द राजू खाकी कपड्यांतच येऊन चटईवर बसला होता, त्याच्या पाठीत धपाटे पडले. बाया चिमाक्काला काहीतरी ओरडून सांगत होत्या. एक म्हातारा काठी आपटून "हौदा? हौदा?" म्हणजे "हो का?" करत होता. लिंगम्मा तर पडद्यावरच्या वाघिणीशी चक्क भांडायला लागल्या.

माझ्या जिवाची तगमग झाली. एका हूंसाठी तो माणूस महिनाभर जेवला नाही, आणि हे लोक त्याच्या गोष्टीचा बाजार करतायत! हॉलवाले निदान गप तरी बसले होते. मला राहवेना. मी खुर्चीतून उठले, मागं वळले, तोंडावर बोट ठेवलं आणि बत्तीस वर्षांच्या तालमीतला, तीन वर्ग एका दमात गार करणारा आवाज काढला.

"शूऽऽऽ!"

अंगण चिडीचूप. काठी थांबली. लिंगम्मांचं तोंड उघडं होतं ते मिटलं. मी समाधानानं खुर्चीत बसले आणि नागोजीरावांच्या पुढच्या वाक्याला एकटीनं स्वच्छ, नेटका हूं दिला. माझ्यामागं कुणीच दिला नाही. पडद्यावर चिमाक्का गोष्ट सांगत होती, आणि तिला हूं म्हणायला सगळ्या बन्नूरमध्ये ती एक वाघीण उरली होती. काय ते केविलवाणं दृश्य! मी हळूच मागं पाहिलं. नागोजीराव प्रोजेक्टरपाशी पाठमोरे उभे होते. त्यांना पडद्याकडं बघवत नव्हतं.

सुंदराक्का वाकून माझ्या खुर्चीपाशी आल्या. "अक्का," त्या कुजबुजल्या, आणि आवाज रडवेला झाला होता, "गप कशाला केलं त्यांना? तोच हूं होता की त्यांचा!"

 अरे देवा! करायला गेले गणपती आणि झाला मारुती. मी आपली हजेरीतला हूं शोधत बसले होते. इथल्या हूंला आवाज होता, हात होते, काठी होती. काठी आपटणं हा हूं, राजूच्या पाठीतले धपाटे हा हूं, वाघिणीशी भांडणं हा तर सगळ्यांत मोठा हूं. तो मी बोट दाखवून बंद पाडला होता. आणि पाहुणीचा मान म्हणून कुणी पुन्हा तोंड उघडायला तयार नव्हतं.

काय करावं? "बोला, बोला" म्हणायला कन्नड येत नाही. हातांनी खुणा कराव्यात तर कालचा अनुभव ताजा, कुणी गुडघ्याला तेल आणून दिलं असतं. पडद्यावर वाघीण चिमाक्काच्या आणखी जवळ सरकली. आणि खरं सांगते, मला एकदम त्या राजूचा, त्या घोंगडीचा, माझ्या स्वतःचा, सगळ्याचा असा संताप आला की मी ताडकन उठून उभी राहिले आणि वाघिणीला बोट दाखवून कराडच्या मंडईतल्या आवाजात ओरडले,

"ए भवाने! लांब बस की जरा! तिच्या अंगावर काय चढतीस? दात पाडून हातात देईन!"

 लिंगम्मा खदखदून हसल्या. शब्द एकही कळला नसेल त्यांना, पण बायकांचं भांडण कळायला भाषा कशाला लागते? त्यांनी माझ्या शेजारी उभं राहून वाघिणीला कन्नडमध्ये त्याहून वाईट काहीतरी सुनावलं. म्हाताऱ्यानं काठी आपटली. पोरं उठली, बाया उठल्या, राजूच्या पाठीत पुन्हा धपाटे सुरू झाले, आणि तो बिचारा हात जोडून सगळ्यांना सांगत होता की मी नाही खाणार तिला, शप्पथ! मी खुर्ची मागं सारली आणि चटईवर जाऊन बसले. त्यानंतर मी किती ओरडले ते विचारू नका. दुसऱ्या दिवशी घसा बसला होता. केतकीला वाटलं, आईला इथली हवा बाधली.

मधेच एकदा मागं पाहिलं. नागोजीराव आता पडद्याकडं तोंड करून उभे होते. गालांवरून घळघळा पाणी वाहत होतं आणि ते पुसायचंही त्यांना भान नव्हतं. मलाही रडू आलं. मग वाघिणीनं पुन्हा दात दाखवले, आणि रडायला वेळ राहिला नाही.

पडद्यावर पहाट झाली. उसावर धुकं. चिमाक्का अजून सांगतेय, वाघीण अजून हूं म्हणतेय. चित्र हळूहळू पांढरं झालं आणि खाली नागोजीरावांचं नाव आलं. फिल्म संपली.

कुणी उठलं नाही. लिंगम्मांनी मागं वळून विचारलं, "मुंदे?"

म्हणजे, पुढं? एवढं मलासुद्धा कळलं.

नागोजीराव पुढं आले. मिशीवरून हात फिरवत, चोरट्यासारखं कन्नडमध्ये काहीतरी पुटपुटले. अंगणात "अय्यो!" उठलं. मी सुंदराक्कांना विचारलं, काय म्हणतायत?

"पुढं नाही म्हणतायत. राजूची रजा तेवढीच होती. वाघीण ड्यूटीवर गेली, मग फिल्म तिथंच थांबवली." त्यांनी तोंडाला पदर लावला. "हॉलमधले लोक म्हणाले, काय शेवट केलाय, प्रेक्षकांवर सोडलाय! हे गप बसले. शाल घेतली."

लिंगम्मा मात्र गप बसणाऱ्यांतल्या नव्हत्या. त्यांनी काय खडसावलं ते सुंदराक्कांनी मला भराभर सांगितलं. बाईमाणसाला वाघिणीसमोर बसवून जेवायला जायची रीत या गावात नाही. चिमाक्का घरी पोचल्याखेरीज या अंगणातलं एक माणूस ताटावर बसणार नाही. काठीवाल्या म्हाताऱ्यानं मान डोलावली. सगळं गाव मांडी ठोकून बसलं.

नागोजीराव प्रोजेक्टरच्या उजेडात उभे. मागं नुसतं पांढरं धोतर. महिनाभरात एक अर्धी गोष्ट तेवढी तोंडातून काढलेला माणूस. त्यांनी सुंदराक्कांकडं पाहिलं.

सुंदराक्का उठल्या, पदर खोचला आणि घराकडं निघता निघता म्हणाल्या, "माझ्याकडं काय बघता? सांगा की. सारू मी बघते."

नागोजीरावांनी चपला काढल्या, धोतरापुढं मांडी घातली आणि गुडघ्यावर थाप मारून म्हणाले, "तर असं की, वाघिणीला लागली भूक..."

आणि स्वयंपाकघरातून, पळी हलत असतानाच, सगळ्या अंगणाच्या आधी हूं आला.